कोणीही पिकेट लावू नये

आमच्या कंपनीत वॉचमन नव्हते, संत्री होते. हा बदल सुभेदारांनी रुजू झाल्याच्या पहिल्याच आठवड्यात केला. 'वॉचमन' म्हटलं की त्यांच्या कपाळाला आठ्या पडायच्या. "वॉचमन सोसायटीत असतो, मॅडमजी. लिफ्टशेजारी स्टुलावर बसून पेंगतो. आपल्याकडं संत्री हायेत." मग त्यांनी कॅन्टीनला फोन केला, "सकाळी सहा संत्री पाठवतोय, सोय बघा." कॅन्टीनवाल्याने सोय म्हणून एक रिकामी टोपली काढून ठेवली आणि फळांची वाट पाहत बसला. टोपलीत मावणार नाहीत असे सहा भुकेले गणवेशातले पुरुष दारात उभे राहिले तेव्हा त्यांना द्यायला कालचे पावही उरले नव्हते. सुभेदारांना यातला विनोद कोणी समजावून सांगितला नाही. सांगूनही उपयोग झाला नसता. शब्दाला एकच अर्थ असतो आणि तो फौजेतला, अशी त्यांची पक्की समजूत होती.

सुभेदार म्हणजे आमचे सिक्युरिटी ऑफिसर. मूळचे सिन्नरकडचे, पायदळातून निवृत्त होऊन देवळालीला घर बांधून राहिलेले. त्यांना नाव होतं, पण ते पगाराच्या दिवसापुरतं. एरवी ते मोठ्या साहेबांपासून झाडूवाल्या मावशींपर्यंत सगळ्यांचे सुभेदार. मिशा कात्रीने कापल्यासारख्या सरळ, बुटात स्वतःचं तोंड बघता येईल अशी चकाकी, आणि कमरेला चाव्यांचा असा जुडगा की ते येण्याआधी त्यांचा आवाज येई. रोज सकाळी हातात छडी घेऊन ते कंपाउंडच्या भिंतीला बाहेरून चक्कर मारत. भिंतीलगत एरंडाचं रोप उगवलेलं दिसलं की उपटून टाकत. का, तर शत्रूला आडोसा मिळतो. शत्रू कोण, हे त्यांना कधी कोणी विचारलं नाही. सातपूरच्या औद्योगिक वसाहतीत आमच्या एका बाजूला बिस्किटांचा कारखाना होता आणि दुसऱ्या बाजूला औषधाच्या बाटल्या तयार होत. आम्ही स्वतः विजेच्या खटक्यांचे पत्र्याचे भाग बनवायचो. यातलं काहीही लुटायला कोणी टोळी करून आलं असतं असं वाटत नाही.

मी पर्सोनेल खात्यात होते. इंग्रजी आणि मराठी पत्रव्यवहार, नोटिसा, भाषांतरं ही माझी कामं. नव्वदचं दशक निम्मं उलटलं होतं, ऑफिसात एक कॉम्प्युटर आला होता आणि त्याच्यावर झाकण म्हणून कोणीतरी क्रोशाचा रुमाल घातला होता. माझ्या खिडकीतून गेट दिसायचं, त्यामुळे सुभेदारांचं राज्य मी रोज पाहत होते.

त्यांनी परवलीचा शब्द सुरू केला तो प्रसंग अजून आठवतो. रोज सकाळी संत्र्यांना एक गुप्त शब्द द्यायचा, आणि अनोळखी माणूस आला की तो विचारायचा. शब्द भाजीचा असे, कारण संत्र्यांच्या लक्षात राहायला हवा. एके दिवशी मुंबईहून मोठे साहेब अचानक आले. गेटवर नवीन संत्री होता. त्याने गाडी अडवून शब्द विचारला. साहेबांनी काच खाली केली आणि शक्य तितक्या शांतपणे सांगितलं, "मी या कंपनीचा मालक आहे." संत्र्याने क्षणभर विचार केला आणि म्हणाला, "आजचा शब्द तो नाय, साहेब." शब्द दोडका होता. सुभेदारांनी त्या संत्र्याला सगळ्यांसमोर शाबासकी दिली. आमचे पर्सोनेल मॅनेजर वैद्यसाहेब धावत खाली गेले, तेव्हा मोठे साहेब गाडीत बसून घाम पुसत होते आणि सुभेदार त्यांना कडक सॅल्यूट ठोकून उभे होते. सॅल्यूट ठोकला, पण शब्द सांगितला नाही.

परवलीचा शब्द त्याच दिवशी बंद झाला. सुभेदार मात्र राहिले. मोठ्या साहेबांना ते आवडले असावेत. आपल्या पैशाने ठेवलेला माणूस आपल्यालाही अडवतो, ही गोष्ट माणसाला एकदाच आवडते. दुसऱ्यांदा आवडत नाही. पण ते पुढे.

त्या वर्षी थंडीच्या सुरुवातीला कंपनीत कुजबुज सुरू झाली की प्रेसशॉपमधली, म्हणजे पत्रा दाबून कापायच्या विभागातली, मोठी मशिनं सिल्वासाला जाणार. तिकडे कर माफ होता, आणि सातपूरमधून एकेक कारखाना रात्रीतून निम्मा होत होता. मशिनं गेली की माणसं काय करणार, हे सांगायला ज्योतिषी लागत नव्हता. युनियनने लेखी हमी मागितली, वैद्यसाहेबांनी तोंडी दिली, आणि संप झाला. युनियनचे सेक्रेटरी गायखे. पळशाकडचे, प्रेसशॉपमधले जुने ऑपरेटर. डाव्या हाताचं एक बोट प्रेसने नेलेलं. ते बोट वर करून ते भाषण करत, म्हणजे जे नव्हतं तेच दाखवत, आणि लोक टाळ्या वाजवत.

संपाच्या पहिल्या सकाळी गेटसमोर मांडव पडला. सुभेदार छडी घेऊन तिकडे निघाले तेव्हा आम्ही सगळे खिडकीला चिकटलो. आता मारामारी होणार, असं वैद्यसाहेबांना वाटलं. सुभेदार मांडवासमोर थांबले आणि त्यांनी विचारलं, "पिकेट कमांडर कोण हाय?"

गायखे उठले. "कमांडर नाय. मी सेक्रेटरी हाय."

"ही पिकेट हाय ना तुमची?"

"पिकेटिंग चालू हाय."

"मग पिकेटचं तोंड तिकडं कसं?" सुभेदारांनी छडीने मांडव दाखवला. मांडवाची पाठ गेटकडे होती, कारण ऊन त्या बाजूने येत होतं, आणि आत पत्त्यांचा डाव रंगला होता. "पिकेट कशापायी लावत्यात? बघायला. पिकेट म्हंजे डोळा. तुम्ही डोळा पाठीला लावलाय. आतून अख्खा कारखाना निघून गेला तरी तुमच्या हातात बदामची राणी."

कोणी हसलं नाही. सुभेदारांनी मांडव फिरवून घेतला, पत्ते बंद केले आणि सहा-सहा माणसांच्या पाळ्या लावून दिल्या. तोंडाला दारूचा वास येणाऱ्याला त्यांनी घरी पाठवलं, आणि तो गेलाही. युनियनला जे पाच वर्षांत जमलं नव्हतं ते कंपनीच्या सिक्युरिटी ऑफिसरने एका सकाळी करून दाखवलं.

वैद्यसाहेबांनी त्यांना वर बोलावलं. वैद्यसाहेब पुण्याला कायदा शिकलेले, आवाज कधी न चढवणारे. त्या दिवशी चढला. "सुभेदार, तुम्ही कोणाच्या बाजूचे?"

"आपल्या, साहेब."

"मग त्यांना शिकवता काय?"

"समोरची पिकेट ढिली असली की आपली बी ढिली पडते. आता बघा, आपले संत्री कसे ताठ उभे हायेत."

ते खरं होतं. पुढचे कित्येक दिवस गेटच्या आत सहा माणसं आणि बाहेर सहा माणसं, एकमेकांकडे बघत, सारख्याच ताठ मानेने उभी असत. पाळी बदलायची वेळही एकच होती. एका बाजूची टोपी निळी आणि दुसऱ्या बाजूची पट्टी लाल, एवढाच काय तो फरक. एकही दगड पडला नाही. पत्रकार दोन दिवस येऊन कंटाळून गेले.

मला या शब्दाची मोठी गंमत वाटायला लागली होती. पहारा देणाऱ्यालाही पिकेट आणि अडवायला बसणाऱ्यालाही पिकेट, हे कसं? मी ऑफिसातला जाड इंग्रजी शब्दकोश काढून पाहिला. मुळात त्याचा अर्थ निघाला टोकदार खुंटा, घोडा बांधायची मेख. मेखेशी उभ्या राहणाऱ्या शिपायांना तोच शब्द लागला, आणि फार पुढे कारखान्याच्या दारात उभ्या राहणाऱ्या कामगारांना. मी हे सुभेदारांना सांगितलं. वाटलं, त्यांना आश्चर्य वाटेल. त्यांनी नुसती मान हलवली. "बरोबर हाय. मेखेला काय कळतं घोडा कोणाचा? ठोकली तिथं ऱ्हायाचं."

मग कोर्टाचा आदेश आला. कंपनीने अर्ज केला होता आणि तो मंजूर झाला. युनियनने आणि तिच्या सभासदांनी प्रवेशद्वारापासून शंभर मीटरच्या आत घेराव, धरणे, पिकेटिंग करू नये, वगैरे. वैद्यसाहेब आनंदात होते. त्यांनी मला मराठी नोटीस तयार करायला सांगितली. मी सरकारी परिभाषेचं पुस्तक उघडलं तर पिकेटिंगला शब्द होता 'निरोधन'. मी तो वाचून दाखवला. वैद्यसाहेबांनी डोळे मिटले. त्या शब्दाने आमच्या कामगारांना सरकारी दवाखान्यात फुकट वाटली जाणारी वस्तूच आठवली असती, आणि संप चालला असता की नाही माहीत नाही, पण हसणं वर्षभर चाललं असतं.

"पिकेटच लिहा," ते म्हणाले. "आता सगळ्या सातपूरला तो शब्द कळतो. आणि एवढं लांबण नको, कोण वाचणार? एका ओळीत बसवा."

त्यांनीच ओळ सांगितली. पेंटरने ती लाल अक्षरांत पत्र्यावर रंगवली आणि पत्रा गेटला टांगला. 'कोर्टाच्या आदेशानुसार प्रवेशद्वारापासून शंभर मीटरच्या आत कोणीही पिकेट लावू नये.'

गायख्यांची माणसं कुरकुरत उठली, मांडव सोडला आणि रस्त्याच्या वळणावर, चहाच्या टपरीशेजारी, अंतर मोजून पुन्हा बांधला. वैद्यसाहेबांनी मशिनं न्यायला त्याच दुपारी ट्रक मागवायचे ठरवले. रात्री कशाला, कायदा आपल्या बाजूला आहे, दिवसाढवळ्या नेऊ, असं ते म्हणाले. त्यांना चोरासारखं वागायचं नव्हतं, आणि या बाबतीत ते प्रामाणिक होते.

थोड्या वेळाने सुभेदार वर आले. टोपी काखेत, चेहरा गंभीर.

"साहेब, हुकूम कोर्टाचा हाय?"

वैद्यसाहेब फोनवर ट्रकवाल्याशी बोलत होते. त्यांनी मानेने हो म्हटलं.

"कोणीही, असं लिहिलंय."

"हो."

"म्हंजे त्यात सगळे आले?"

"सगळे म्हणजे सगळे, सुभेदार!" वैद्यसाहेबांनी फोनवर हात ठेवून सांगितलं. "कोर्टाने कोणीही म्हटलं की कोणीही. आता कृपा करून खाली जा."

सुभेदारांनी टोपी चढवून सॅल्यूट केला आणि खाली गेले. पाच मिनिटांनी गेटवर शिट्टी वाजली. मी खिडकीतून पाहिलं. सहा संत्री एका ओळीत उभे होते. सुभेदारांनी गेटला कुलूप लावलं, ते ओढून पाहिलं, चाव्या कमरेला अडकवल्या आणि माणसांना घेऊन डावा-उजवा करत रस्त्याने चालू पडले. वळणावर, चहाच्या टपरीपाशी, गायख्यांच्या मांडवाला खेटून त्यांनी आपली रांग उभी केली. तिथून गेट दिसत होतं.

जेवणानंतर ट्रक आले. चार होते. त्र्यंबक रोडवरून आत वळले आणि वळणावर त्यांना लाल पट्टीवाली आणि निळ्या टोपीवाली माणसं रस्त्याच्या दोन्ही बाजूंना एकत्र उभी दिसली. ड्रायव्हर घाबरला. त्याने असलं काही पाहिलं नव्हतं.

वैद्यसाहेब धावत गेले. फायली सांभाळायला म्हणून मीही मागून गेले. खरं तर मला बघायचं होतं.

"सुभेदार, इथे काय करताय? गेटवर चला!"

"गेटवर पिकेट लावायला मनाई हाय, साहेब."

"अहो, ती यांना!"

"तसं लिहिलेलं नाय. मी विचारून घेतलं. आपण म्हणालात, सगळे म्हंजे सगळे."

वैद्यसाहेबांचा चेहरा हळूहळू बोर्डावरच्या अक्षरांच्या रंगाचा झाला. "बरं. चाव्या द्या."

"चाव्या पिकेटजवळ ऱ्हात्यात. चार्ज द्यावा लागंल."

"मग द्या चार्ज!"

"चार्ज गेटवरच्या केबिनमधी देत्यात, साहेब. गाडीचा पास बी तिथंच मिळतो. आणि तिथं मला जाता येत नाय. कोर्टाचा हुकूम मोडा, असा हुकूम आपण लेखी द्या, आत्ता जातो."

कायदा शिकलेला माणूस हे लेखी देणार नाही, हे तिथल्या चहावाल्यालाही कळलं होतं. गायखे पुढे आले. इतका आनंद दाबून धरलेला माणूस मी पुन्हा पाहिला नाही. "साहेब, एक उपाय हाय. बोर्ड काढून टाका. मग यांची पिकेट गेटवर जाईल. आमची बी जाईल."

मेख तिथेच होती. बोर्ड ठेवला तर संत्री नाहीत, काढला तर संपवाले परत.

पोलिसांना बोलावलं. इन्स्पेक्टर आले, जाडजूड, दुपारच्या झोपेतून उठवलेले. त्यांनी चालत जाऊन बोर्ड वाचला, दोनदा वाचला, आणि परत येऊन म्हणाले, "वैद्यसाहेब, गेटवर बंदोबस्ताला माझी माणसं हवीत ना तुम्हाला?"

"हो, म्हणूनच तर बोलावलं."

"आमच्यात त्याला पण पिकेटच म्हणतात." ते हसले नाहीत, पण त्यांचं पोट हललं. "आदेश युनियनपुरता असेल, पण कोर्टाच्या नावाने 'कोणीही' तुम्हीच लिहिलंय. कोर्टाकडून खुलासा आणा. मग बघू."

त्या दिवशी शुक्रवार होता. ट्रक संध्याकाळपर्यंत उभे राहिले, मग ड्रायव्हरांनी पिंपळगावला जाऊन कांदा भरला. शनिवार-रविवार कोर्ट बंद. तेवढ्यात युनियनच्या वकिलाने धावपळ केली आणि सोमवारी खुलासा मागायला गेलेल्या कंपनीच्या हातात मशिनं हलवू नयेत असाच आदेश पडला. पुढे महिन्याभरात तडजोड झाली. प्रेस सातपूरलाच राहिले. कंपनी काही अमर झाली नाही. नवं शतक उजाडल्यावर ती बंद पडलीच, आम्हाला स्वेच्छानिवृत्ती घ्यायला लावली, आणि तीत स्वेच्छा तेवढी आमची नव्हती. पण मधल्या वर्षांत गायख्यांच्या दोन मुलींची शिक्षणं झाली, कोणाची घरं झाली, कोणाची लग्नं. त्या वर्षांचा हिशेब कोणी सुभेदारांच्या नावावर मांडला नाही.

त्यांना तडजोडीनंतर महिन्याभरात काढलं. कारण दिलं वयोमानाचं. निरोपाला गायखे हार घेऊन आले तर त्यांनी गळ्यात घालून घेतला नाही. "मी कंपनीचा माणूस हाय. तुमचा हार कसा घेऊ?" मग हार हातात धरून, कोणाला द्यावा ते न कळून, तो त्यांनी गेटच्या कडीला अडकवला आणि सायकलवरून देवळालीला निघून गेले.

आमच्यात वाद राहिला तो एवढाच, की ते मूर्ख होते की पोचलेले. वैद्यसाहेब शेवटपर्यंत म्हणत, मूर्ख. कारण दुसरं मान्य केलं तर आपण कोण ठरतो, हा प्रश्न होता.

त्यानंतर बऱ्याच वर्षांनी मेथीच्या दोन जुड्या आणि कोथिंबीर घेऊन मी कलेक्टर कचेरीसमोरून चालले होते. फुटपाथवर निवृत्त सैनिकांचं पेन्शनसाठी धरणं चाललं होतं. सतरंजीवर पंधरा-वीस म्हातारे बसलेले, आणि सतरंजीच्या टोकाला एक जण उभा. मिशा पांढऱ्या झाल्या होत्या, पण सरळ. कोटावर पदकं, हातात पुठ्ठ्याची पाटी.

"सुभेदार!"

त्यांनी मला ओळखायला वेळ घेतला, मग टाचा जुळवल्या. "मॅडमजी."

"तुम्ही आंदोलनात?"

"पिकेटवर हाय," ते म्हणाले. जणू बदली झाली होती, एवढंच.

"बसत का नाही? सगळे बसलेत."

"ते धरण्याला बसलेत. कोणी तरी उभं पायजे का नको?"

मी इतकी वर्षं मनात ठेवलेला प्रश्न विचारून टाकला. "खरं सांगा. त्या दिवशी ती नोटीस कोणासाठी आहे, हे तुम्हाला कळलं होतं ना?"

त्यांनी समोर कचेरीच्या फाटकाकडे पाहिलं. तिथे एक पोलीस शिपाई रायफल टेकवून जांभई देत होता. सुभेदारांना ते बघवलं नाही.

"मॅडमजी, हुकूम न कळणारा माणूस सुभेदार होत नाय." मग जरा थांबून म्हणाले, "आणि सगळे हुकूम कळणारा बी होत नाय."

मला आणखी विचारायचं होतं, पण ते अस्वस्थ दिसले. साखरेचा त्रास होता, समोरच्या हॉटेलात जाऊन यायचं होतं, आणि जागा सोडायची नव्हती. सतरंजीवरच्या कोणाच्या गुडघ्यांवर त्यांचा भरवसा नव्हता. त्यांनी मला वर-खाली पाहिलं, फौजेत भरती करून घेताना पाहत असतील तसं.

"पाच मिनिटं माझ्या जागेवर उभ्या ऱ्हाता? हलायचं नाय. कोणी उठवलं तरी नाय."

नाही म्हणायच्या आत पाटी माझ्या हातात होती. मी उभी राहिले. एका हातात पाटी, दुसऱ्या हातात मेथी. ओळखीच्या एक बाई रिक्षातून गेल्या आणि त्यांनी तोंड फिरवलं. पोलीस शिपाई माझ्याकडे बघून सावरून उभा राहिला. पाच मिनिटांची वीस झाली. पाय दुखायला लागले, पिशवी जड झाली, पण सतरंजीवरचे म्हातारे माझ्याकडे अशा विश्वासाने बघत होते की पिशवी खाली ठेवायचंही धाडस झालं नाही. मध्येच एका पोरसवदा फोटोग्राफरने समोर गुडघ्यावर बसून फोटो काढला. नाव विचारेल असं वाटलं. विचारलं नाही.

सुभेदार परत आले ते माझ्यासाठी शेंगदाण्यांची पुडी घेऊन. आधी पाटी ताब्यात घेतली, मग पुडी दिली, आणि पुन्हा टाचा जुळवून उभे राहिले. माझ्याशी पुढे बोलले नाहीत. ते ड्युटीवर होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी आमच्या ह्यांनी चहा घेता घेता पेपर उघडला आणि कप तसाच खाली ठेवला. हे बँकेतून निवृत्त झालेले. आयुष्यात कधी फटाकाही हातात धरला नाही. मी मागून डोकावले. आतल्या पानावर मी होते, मेथीसकट, चेहरा भलताच करारी. खाली छापलं होतं, 'धरणे आंदोलनात सहभागी झालेल्या एक वीरपत्नी.'

ह्यांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला.

"मी कुठल्या लढाईत गेलो," ते म्हणाले, "तेवढं तरी विचारून यायचंस."